मावळतीची नोकरी

१ जुलै, मंगळवार

आजपासून मी, राजेश्वरी नाथाजी घोरपडे, वय सतरा, बारावी सायन्स, नोकरदार बाई आहे. मंगलआत्याला हे अजून पचलेलं नाही. "सुभेदाराची पोरगी पेठेत हळदीच्या पुड्या बांधनार व्हय? तुझ्या बापाला मी काय तोंड दाखवू?" हे तिनं सकाळपासून सहा वेळा म्हणून झालंय. पप्पा आसामात आहेत, आई कोरेगावाकडे गावी, आणि मी सांगलीत आत्याकडे शिकायला. पप्पांना मी आधीच फोन केला होता. ते म्हणाले, "ड्यूटी म्हणजे ड्यूटी. टायमावर जायचं, आणि रोज काय केलं ते लिहून ठेवायचं." म्हणून ही वही.

दुकान चंदनबाला मगदूम यांचं. सगळी पेठ त्यांना काकी म्हणते. पुढे हळद-तिखट-मसाल्यांचं दुकान, मागे कांडपाची चक्की, वर घर. काका दोन वर्षांपूर्वी वारले. मुलगा सन्मती पुण्यात इंजिनियर. चक्कीवर जोतिबामामा असतात, ते साडेपाचच्या एसटीनं गावी जातात. काकींचं माहेर निपाणीकडचं, त्यामुळे त्या "मी जातो, मी येतो" म्हणतात. मला हसू आलं, ते मी खोकल्यात लपवलं.

मुलाखत अशी झाली.

"वय किती?"

"सतरा."

"मग चक्कीकडं जायाचं न्हाई. तुझं काम गल्ल्याम्होरं. दिवस मावळायच्या आदी पाऊन तास यायाचं, आन् मावळल्यावर थोड्या येळानं जायाचं. तेवड्यात मी वर जाऊन जेवून येतो."

"म्हणजे नक्की किती वाजता येऊ, काकी?"

"घड्याळ बघून न्हाई, दिवस बघून ये."

जोतिबामामा म्हणाले, सध्या सात वाजून गेल्यावर मावळतोय. म्हणजे सव्वासहा ठरलं. काकी मोकळ्या स्वभावाच्या दिसतात, घड्याळाचा जाच करणाऱ्या नाहीत. माझं नशीब चांगलं!

५ जुलै, शनिवार

हात पिवळे झालेत ते साबणानं जात नाहीत. वर्गात पोरींनी "नवरी आली, नवरी आली" करून नको जीव केला. आत्या तर हात बघून दचकलीच. म्हणे, शेजारणी विचारतील, कुठं जमलं?

पुडी बांधणं सोपं नाही. कागदाचं शेवटचं टोक कुठं खुपसायचं, ते काकींची बोटं न बघता करतात. माझी पहिली पुडी गिऱ्हाइकाच्या पायावर सुटली. दुसरी मात्र टिकली, आणि ते आजोबा ती पिशवीत टाकून निघून गेले, तेव्हा मला एवढा आनंद झाला की मी त्यांना "परत या हं" असं ओरडून म्हणाले. काकी वरून जेवून आल्या आणि म्हणाल्या, "हळद विकतीस का पाव्हनं बोलावतीस?" पण हसत होत्या.

२३ जुलै, बुधवार

आज मधल्या सुट्टीत कोण काय करतं ते निघालं. दीपाली बांगड्यांच्या दुकानात रविवारी बसते. दोघं जण लग्नांत वाढप्याचं काम करतात आणि उरलेले गुलाबजाम खाऊन गोल झालेत. एक जण पार्सलं पोचवतो, त्याला सांगलीतल्या सगळ्या कुत्र्यांची नावं पाठ आहेत. दहावीला माझ्या बाकावर बसणाऱ्या विट्याच्या पोरीचा भाऊ मामाच्या सोनं गाळायच्या दुकानात थेट केरळात गेलाय. आत्या म्हणते, तिच्या वेळी शिकणारी पोरं शिकायची आणि काम करणारी काम करायची. मी म्हटलं, आता आम्ही दोन्ही करतो.

शेजारचा ऋषिराज (सकाळच्या तुकडीत आर्ट्सला आहे) दुपारचा मोकळाच असतो. तो हल्ली आमच्याकडे विरजण मागायला फार येतो, आणि हळदीची चौकशी करतो. राजापुरी कोणती, सेलम कोणती. त्याला हळदीत एवढा रस कधीपासून आला, कळत नाही.

काकी जैन, कंदमुळं खात नाहीत. बटाटा नाही, कांदा नाही, लसूण नाही. मी विचारलं, मग हळद कशी चालते? ती पण जमिनीखालचीच की. त्या म्हणाल्या, "वाळली की चालती. तुझ्यागत चौकस पोरगी माज्या सासऱ्यानं उभी केली नसती दुकानात."

२ सप्टेंबर, मंगळवार

दशलक्षण पर्व चालू आहे. काकी दहा दिवस एकदाच जेवतात, तेही दुपारी. पहाटे उठून बस्तीत जातात. जैनांच्या देवळाला इथं बस्ती म्हणतात, हे मला इथं आल्यावर कळलं. संध्याकाळी जेवायचं नाही तरी मला बोलावतात, शिकवतात. आज हळकुंड मोडून आतला रंग बघायला शिकले. मोडताना खणखणीत वाजलं पाहिजे. मी मोडलं आणि काकी म्हणाल्या, "आता तुला कोन फसवनार न्हाई." एवढी शाबासकी मला गणितात कधी मिळाली नव्हती.

उपास करणं त्यांना फार सोपं जातं. मला एक चतुर्थी निभत नाही.

२५ सप्टेंबर, गुरुवार

मी सव्वासहाला गेले की काकी हल्ली जिन्यावरून अक्षरशः पळत जातात. ह्या वयात! आठ मिनिटांत परत खाली. मी म्हटलं, सावकाश जेवा की, मी आहे ना. त्यांनी पुढचा कागद ओढून घेतला.

मला वाटतं, गल्ला माझ्या हाती सोडून वर बसणं त्यांना जड जात असावं. तीन महिने झाले तरी!

९ ऑक्टोबर, गुरुवार

आज मी पोचले तर काकी दारातच उभ्या होत्या, पश्चिमेकडे तोंड करून. सव्वासहाला दोनच मिनिटं कमी होती, म्हणजे मी लवकरच होते. पण त्या वर गेल्याच नाहीत. "चालू दे," म्हणाल्या, आणि स्टुलावर बसून राहिल्या. तासभर मी पुड्या बांधल्या आणि त्या बघत होत्या. पाणी दिलं, ते नको म्हणाल्या.

मला राग आला. विश्वास नसेल तर तसं सांगावं. जैन लोक लवकर जेवतात हे मला ठाऊक आहे, पण एखाद दिवशी थोडं उशिरा जेवलं म्हणून काय झालं? आमच्याकडे नऊशिवाय ताट वाढत नाहीत. की हा आणखी एखादा उपास? विचारायची सोय नाही.

कॉलेज पाच वीसला सुटतं. घरी येऊन चहा, थोडे रील्स, मग दुकान. माझी शिस्त पप्पांनी बघावी.

१६ ऑक्टोबर, गुरुवार

काकी आजही वर गेल्या नाहीत. उद्यापासून मी दिवाळीला गावी. बरं झालं, दोघींना सुट्टी.

७ नोव्हेंबर, शुक्रवार

परत आले. आईनं दिलेल्या शंकरपाळ्या काकींना नेल्या. त्यांनी डबा घेतला, डोक्याला लावला आणि बाजूला ठेवला. "उद्या सकाळी खातो," म्हणाल्या. आवडल्या नसाव्यात.

मग म्हणाल्या, "दिवस लय आखूड झाला गं."

मी म्हटलं, "हो ना काकी, स्वेटर काढायला पाहिजे."

त्या गिऱ्हाइकाकडे वळल्या. आजही वर गेल्या नाहीत.

१३ नोव्हेंबर, गुरुवार

काकी खाली. चौकशी मात्र केली. "कालेज कवा सुटतं गं तुजं?" मी सांगितलं, पाच वीस, मग सिटी बसनं अर्धा तास. त्यांनी बोटांवर काहीतरी मोजलं आणि "बरं," म्हणाल्या. माझ्या अभ्यासाची काळजी वाटत असावी.

तुळशीची लग्नं झाली, आता माणसांची सुरू. हळदी समारंभाच्या ऑर्डरी आल्यात. काकी उभ्या उभ्या थकतात. गालफडं बसलीत.

१९ नोव्हेंबर, बुधवार

काकी पडल्या.

मी पोचले तेव्हा त्या हळदीच्या पोत्यापाशी वाकल्या होत्या. उठल्या आणि तशाच पोत्यावर कलंडल्या. गिऱ्हाइकं ओरडली. मी पाणी तोंडाशी नेलं, तर डोळे मिटलेले असतानाही त्यांनी ओठ घट्ट धरले. शेजारच्या कापडदुकानातले अरिहंतशेठ धावत आले, डॉक्टर आले, सलाईन लावलं. डॉक्टर म्हणाले, अशक्तपणा. मी सांगितलं, तिखटाचा खकाणा नाकात गेला असेल. डॉक्टरांनी माझ्याकडे असं बघितलं, जणू मीच वेडी आहे.

सन्मतीदादा पुण्याहून निघालेत.

२० नोव्हेंबर, गुरुवार

आज कॉलेजला गेले नाही. जोतिबामामा चक्कीच्या पायरीवर बसले होते. मी विचारलं, मामा, काकींना झालंय तरी काय?

त्यांनी पायरीवर मला जागा करून दिली. म्हणाले, "पोरी, खरंच ठावं न्हाई व्हय तुला? दिवस बुडाला की त्या माऊलीच्या तोंडात पान्याचा थेंब जात न्हाई. थेट दुसऱ्या दिशी सकाळी. तू येनार सव्वासाला. दिवस बुडतोय आता साच्या आत. दुकान टाकून ती वर जाईल व्हय? ऐन गिऱ्हाइकाच्या वक्ताला? आन् मी साडेपाचपतोर चक्कीवर अडकलेला. मला जमंल तवा मी माजी गाडी चुकवून थांबत हुतो, तवा जेवायची. एरवी तशीच."

"मग मला सांगितलं का नाही?"

"पयल्या दिशीच सांगितलं हुतं की. दिवस बघून ये म्हून."

मी घरी येऊन ही वही उघडली. "काकी वर गेल्या नाहीत." ९ ऑक्टोबर. १६ ऑक्टोबर. ७ नोव्हेंबर. १३ नोव्हेंबर. माझ्याच अक्षरात लिहिलंय. आणि काल. मी लिहिलेल्या पाच संध्याकाळी, न लिहिलेल्या किती? मी रील्स बघत चहा पीत होते आणि त्या दारात उभ्या राहून पश्चिमेकडे बघत होत्या. मी लिहिलंय, विश्वास नाही म्हणून बसल्या. शंकरपाळ्या आवडल्या नसाव्यात!

खूप रडले. आत्या शेजारी येऊन बसली.

२१ नोव्हेंबर, शुक्रवार

काकी पलंगावर होत्या. मी पाय धरले. म्हटलं, एकदा तरी ओरडायचं होतं मला.

"कशाला? नेम माजा. त्याचा जाच तुला कशापायी? आन् तू काय मुद्दाम केलंस व्हय?"

तेवढ्यात सन्मतीदादा आत आले. माणूस वाईट नाही, पण निकाल लावूनच आले होते. "आई, बास झालं आता. एक मोबाइलवाला दुकान भाड्यानं मागतोय. जानेवारीपासून त्याला देतो, तू पुण्याला चल."

काकी भिंतीकडे बघत राहिल्या. त्यांना त्या हळदीच्या वासाबाहेर काढलं तर त्या महिनाभर टिकणार नाहीत, हे मला पाच महिन्यांत कळलं आणि मुलाला कळत नाही? माझं तोंड आपोआप सुटलं.

"दादा, काकींचं जेवण एक दिवस चुकलं नाही तर?"

"म्हणजे?"

"सोमवारपासून एकतीस डिसेंबरपर्यंत. एकही दिवस चुकलं नाही, तर दुकान राहणार. चुकलं, तर तुम्ही म्हणाल तसं."

ते म्हणाले, "तुझं कॉलेज पाच वीसला सुटतं, सूर्यास्त सहाच्या आत. गणित येतं का तुला?"

गणित मला खरंच कमी येतं. पण काकींनी भिंतीकडची मान वळवली आणि म्हणाल्या, "ती म्हनती तसं करू." झालं! मग दादांचं काय चालतंय?

२४ नोव्हेंबर, सोमवार

शनिवारी प्राचार्यांपुढे अर्ज ठेवला, सकाळच्या तुकडीत बदली. कारणाच्या जागी मी लिहिलं होतं, "काकींचं जेवण." त्यांनी चष्मा काढला आणि सगळं विचारून घेतलं. मग सही केली. म्हणाले, "सात म्हणजे सात. एक मिनिट उशीर चालणार नाही."

मी जन्मात आठच्या आधी उठलेली नाही. आज पावणेसहाला उठले. आत्यानं देवापुढे जास्तीचं निरांजन लावलं. कॉलेज साडेबाराला सुटलं आणि मी पाचला दुकानात हजर! काकी पाच वाजून दहा मिनिटांनी जिना चढल्या. सावकाश, कठड्याला धरून. वरून भांड्यांचा आवाज आला, तेव्हा मी गिऱ्हाइकाला मोड दोनदा दिली.

६ डिसेंबर, शनिवार

तेरा दिवस, तेरा जेवणं. जोतिबामामा रोज जाताना चक्कीच्या दारावर खडूनं रेघ मारतात. काकींच्या गालांवर पुन्हा तजेला आलाय आणि जिभेलाही धार आलीय.

आज अरिहंतशेठ आले, हळद न घेता उभे राहिले. म्हणाले, "पोरी, हे तू करतीस ते आमच्याकडं कोन करील काय? मी आन् कारकून दोगंबी नेमाचे. दुपारीच डबा खाऊन घेतो आन् रातभर पोटात कावळे."

मला वाटलं होतं, हा काकींचाच प्रश्न आहे. आमच्या ह्या बाजूला निदान सात दुकानं अशी आहेत! सगळ्यांना एकच तास पाहिजे, आणि आमच्या सकाळच्या तुकडीत पन्नास पोरं दुपारभर लोळत असतात.

१३ डिसेंबर, शनिवार

ऋषिराजला अरिहंतशेठांकडे लावला. मी विचारायच्या आत हो म्हणाला. दीपाली (ती आर्ट्सला, तीही आता सकाळच्या तुकडीत आलीय) रोज मावळतीला बांगड्यांच्या दुकानात. आणखी तिघं मिळाले. मी सगळ्यांना पहिल्या दिवशी एकच गोष्ट घोकून घेतली, की आपली वेळ घड्याळावर नाही, कॅलेंडरच्या कोपऱ्यातल्या सूर्यास्तावर. एकानं विचारलं, म्हणजे पगार उन्हाळ्यात वाढणार का? तो कॉमर्सचा आहे.

पेठेत लोक आम्हाला "मावळतीची पोरं" म्हणायला लागलेत. आत्या परवा शेजारणीला सांगत होती, "आमची राजेश्वरी सा दुकानांची पोरं सांभाळती." तोंड दाखवायचा प्रश्न मिटलेला दिसतो.

३० डिसेंबर, मंगळवार

आज सगळं बुडालं होतं.

सायन्सच्या पूर्वपरीक्षेचा पेपर दुपारी, दोन ते पाच. मला वाटलं, सहा वाजून नऊला मावळतोय, साडेपाचपर्यंत पोचेन, चालेल. पेपर दहा मिनिटं उशिरा सुरू झाला. मग बस पुढच्या चौकात अडकली, कुणाची तरी वरात. उतरले आणि पळत सुटले. दप्तर पाठीवर आपटत होतं. डाव्या बाजूला सूर्य इमारतींच्या मागे गेला की मी आणखी जोरात पळायचे. छत्तीस दिवस झाले होते. सदतिसाव्याला मी घालवणार? माझ्याच पायानं? मी रस्त्यात मोठ्यानं "थांब, थांब" म्हणत होते, कुणाला ते मला ठाऊक नाही.

सहाला पाच कमी असताना दारात पोचले. गल्ल्यावर काकी नव्हत्या. ऋषिराज होता. शर्ट पिवळा, कान पिवळे, आणि त्याच्यासमोर तीन पुड्या सुटून पडलेल्या.

"काकी?"

"साडेपाचलाच वर गेल्या की. तुझा पेपर म्हणून मी आलो. माझ्या जागी दीपाली गेली, तिच्या जागी बांगड्यांच्या दुकानाच्या मालकिणीची सून बसलीय. तू बस जरा, पाणी पी."

मी न सांगताच तो आला होता. दीपालीला त्यानं सांगितलं, तिनं सुनेला. मला वाटत होतं, हे सगळं मी एकटीच ओढतेय. मी पोत्यावर बसले आणि हसायलाच लागले. ऋषिराज लाल झाला. पिवळ्यावर लाल बरा दिसतो.

३१ डिसेंबर, बुधवार

सन्मतीदादा पाचला आले. आल्या आल्या चक्कीच्या दारापाशी गेले आणि खडूच्या रेघा मोजल्या. सदतीस. आजची मारायची होती.

"एकदाही चुकलं नाही?" त्यांनी जोतिबामामांना विचारलं.

"एकडाव बी न्हाई," मामा म्हणाले. एसटी सोडून मुद्दाम थांबले होते.

दादांनी आईकडे बघितलं. काकी पदर खोचून दोन गिऱ्हाइकांशी एकदम बोलत होत्या आणि एका हातानं तिसऱ्याची पुडी बांधत होत्या. दादा बाहेर गेले, फोनवर बोलले. आत येऊन म्हणाले, "मोबाइलवाल्याला दुसरं दुकान बघायला सांगितलं." मी ओरडले. खरंच ओरडले! अरिहंतशेठ कापड टाकून दारात आले, ऋषिराज त्यांच्या मागून, आणि काकी म्हणाल्या, "दुकान हाय का तमाशा?" पण त्यांचे डोळे भरले होते, आणि त्यांनी ते पुसले नाहीत, हात हळदीचे होते म्हणून.

मग त्यांनी फर्मान सोडलं. "सन्मती, तू गल्ल्यावर बस. ऋषिराज, ह्याला पुडी शिकीव. राजेसरी, तू वर चल."

मला वाटलं, काहीतरी सामान आणायचंय. वर गेले तर दोन पाट मांडलेले. ज्वारीची भाकरी, मुगाची आमटी, दोडक्याची भाजी, तूप. कांदा-लसूण नाही. मी इतके दिवस समजत होते की असलं जेवण आजाऱ्याचं असतं. पहिल्या घासाला माझी समजूत गेली. पश्चिमेच्या खिडकीतून ऊन थेट ताटात येत होतं.

काकी हळूहळू जेवत होत्या. मध्येच थांबल्या.

"लगीन होऊन आलो तवापासनं त्येचाळीस वर्सं झाली. ते वर जेवायचे तवा मी खाली गल्ल्यावर. मी वर जेवायचो तवा ते खाली. कुनीतरी खाली लागायचंच. सांजंचं जेवान आज पयल्यांदा कुनासंगं जेवलो बग."

घास तोंडात तसाच राहिला. मी त्यांच्या हातावर हात ठेवला, दोघींचे पिवळेच.

"रडतीस काय? जेव. दिवस हाय अजून," त्या म्हणाल्या आणि माझ्या ताटात आणखी एक भाकरी टाकली.

खालून सन्मतीदादांचा आवाज आला, "आई, ही पुडी सुटतेय!"

"सुटू दे," काकी म्हणाल्या, आणि आमटी वाढायला घेतली.